डाव्या हाताची रांगोळी

धनुर्मासातल्या एका सकाळी बंगळूरच्या चामराजपेटेतल्या त्या गल्लीत बातमी पसरली, की जयतीर्थांच्या घरी कोणीतरी गेलं. कोण गेलं ते कोणालाच ठाऊक नव्हतं, पण गेलं यात शंका नव्हती. कारण दारासमोर सडा घातलेला होता आणि रांगोळी नव्हती. त्या गल्लीत दार दोनच कारणांनी बोडकं राहत असे. एक तर घरात श्राद्ध असावं, नाहीतर मयत. जयतीर्थांच्या वडिलांची तिथी भाद्रपदात येते हे समोरच्या गोदूबाईंना पाठ होतं. म्हणजे राहिलं ते दुसरं कारण.

खरं तर त्या वेळी घरातली सगळी माणसं धडधाकट घोरत होती. झालं होतं ते एवढंच, की आदल्या संध्याकाळी हुग्गीच्या खिचडीसाठी मोठं पातेलं काढायला म्हणून वसुमती स्टुलावर चढली. स्टुलाचा एक पाय अधू आहे हे तिला लग्न झाल्यापासून माहीत होतं. तरी ती चढली. नवऱ्याला हाक मारली असती, तर त्यांनी आधी स्टुलाचे चारही पाय फूटपट्टीनं मोजले असते, मग त्यावर भाषण दिलं असतं आणि पातेलं फळीवरच राहिलं असतं. स्टूल कलंडलं, वसुमती उजव्या हातावर आपटली आणि मनगट बघता बघता टम्म फुगलं. डॉक्टरांनी इकडून तिकडून दाबून हाड शाबूत असल्याचं सांगितलं, घट्ट पट्टी बांधली, हात गळ्यात अडकवला आणि म्हणाले, "मुरगळलंय. संक्रांतीपर्यंत या हाताला सुट्टी." वसुमतीच्या कुठल्याही अवयवाला एवढी मोठी सुट्टी मिळण्याची ही पहिलीच वेळ होती. रात्रभर ठणक्यानं ती जागी, ती जागी म्हणून जयतीर्थ जागे, आणि पहाटे दोघांचाही डोळा लागला. कामाला येणारी यल्लव्वा आली, अंगण झाडून, सडा घालून पुढच्या घरी गेली. रांगोळी तिच्या कामात येत नव्हती.

सगळ्यांत आधी गोदूबाई आल्या. सुतक असेल म्हणून त्यांनी अंगणात पाय टाकला नाही. रस्त्यावरूनच हाक घातली, "वसू गं! कोण?"

"कोण म्हणजे?" म्हणत वसुमती दारात आली. केस विस्कटलेले, डोळे जागरणानं लाल, हात गळ्यात. तिचा तो अवतार पाहून गोदूबाईंची खात्रीच पटली आणि त्यांनी पदर डोळ्यांना लावला. तेवढ्यात तिच्या मागून तोंडाला दाढीचा साबण फासलेले जयतीर्थ डोकावले. गोदूबाईंनी पदर खाली घेतला.

"अय्यो! हे तर आहेत!" त्या म्हणाल्या. आवाजात सुटका होती, पण थोडी निराशाही होती, असं जयतीर्थांना पुढे कितीतरी दिवस वाटत राहिलं.

दुपारी तर कहर झाला. मल्लेश्वरमहून जयतीर्थांचे मामा भगवंतराव बस बदलत बदलत येऊन दाखल झाले. खांद्यावर पंचा, पिशवीत गंगेचा सीलबंद गडू. गल्लीतले पुरोहित सकाळी तिकडे पूजेला गेले होते, त्यांनी बातमी नेली होती. मामा दारात आले तेव्हा भाचा पाटावर बसून सार-भात ओरपत होता आणि त्याचे दोन्ही मुलगे पापडावरून भांडत होते. मामांनी डोकी मोजली. मग भाचेसुनेकडे पाहिलं. सगळी होती.

"मग मला का बोलावलंत?" मामांनी विचारलं.

"आम्ही कुठे बोलावलं, मामा?"

मामा पाटावर बसले, पोटभर जेवले आणि गडू पिशवीत परत घालून निघताना म्हणाले, "जयतीर्था, दारात रांगोळी घालत जा रे. या वयात असे धक्के सोसत नाहीत."

आता रांगोळी घालायची कोणी, हा प्रश्न होता. घरात दोन मुलगे. ते रांगोळी फक्त उडी मारण्यापुरती ओळखत. शेजारची मथुरा संध्याकाळी चौकशीला आली तेव्हा आपण होऊन म्हणाली, "अक्का, मी आमच्या दारात घालतेच की रोज. तुमच्याही दारात घालून जाईन. दोन मिनिटं लागतात."

"बेडा गं, नको," वसुमती साखरेसारखी गोड हसून म्हणाली, "तुला कशाला त्रास?"

या गोडव्याच्या पोटात काय होतं ते सांगायला हवं. संक्रांतीच्या संध्याकाळी राममंदिरातून पालखी निघे आणि गल्लीच्या तोंडाशी घटकाभर टेकवत. तिथे सगळ्या बायका मिळून मोठी थोरली रांगोळी घालत. कडेच्या वेलबुट्ट्या कोणीही घालाव्यात. पण मधला भाग, ज्यावर पालखी टेके, तो एकीचाच. त्याला सगळे 'मध्य' म्हणत. हा मध्य पूर्वी गोदूबाईंचा होता. एका वर्षी त्यांचे गुडघे धरले म्हणून त्यांनी तो वसुमतीला दिला. पुढे गोदूबाईंचे गुडघे बरे झाले, मध्य मात्र परत गेला नाही. ही गोष्ट गोदूबाई विसरल्या असतील, वसुमती विसरली नव्हती. आज आपल्या दारात मथुरेची रांगोळी पडली तर संक्रांतीला मध्यावर कोण बसणार, हे तिला लख्ख दिसत होतं. मथुरेचा हात चांगला होता. तोच तर घोर होता.

"त्यात काय आहे?" जयतीर्थ म्हणाले. मामांचा गडू त्यांना फार लागला होता. "रेघाच ना? उद्या मी घालतो."

"तुम्ही?"

"हळू बोल!"

जयतीर्थ मारतहळ्ळीच्या वाटेवरल्या विमान कारखान्यात ड्राफ्ट्समन होते. विमानाच्या पंखाची रेघ केसभर चुकली तर चालत नाही, हे ते घरात पोळी वाकडी आली की ऐकवत. रेघेच्या बाबतीत त्यांना गल्लीत तोड नव्हती, अशी त्यांची समजूत होती. अट एकच, हे कोणाला कळता कामा नये. कारखान्याच्या बसला गल्लीतले आणखी तिघे जण असत, आणि बसचा प्रवास लांबचा होता.

दुसऱ्या दिवशी झुंजूमुंजू व्हायच्या आत जयतीर्थ अंगणात उतरले. डोक्याला माकडटोपी, गळ्यात मफलर, हातात बॅटरी, खिळा, सुतळी आणि फूटपट्टी. बंगळूरच्या त्या थंडीत दात वाजत होते. वसुमती शाल पांघरून उंबऱ्यावर बसली होती, पट्टीतला हात मांडीवर ठेवून. जयतीर्थांनी रांगोळीची मूठ भरली आणि सोडली. जमिनीवर ढीग झाला.

"मुठीनं नाही, चिमटीनं," ती कुजबुजली. "अंगठा हलवायचा."

"हलवतोय की."

"अंगठा म्हटलं मी. तुमचा सगळा खांदा हलतोय."

"वसू, मला शिकवू नकोस."

"सरी, बरं. नाही शिकवत. ती रेघ रस्त्यावर चालली आहे, तेवढी परत बोलवा."

शेवटी जयतीर्थ घरात गेले, ड्रॉइंगच्या कागदाचा कोन करून आणला, टोक नेमकं कातरलं आणि त्यातून रांगोळी सोडली. मग मात्र गडी सुटला. खिळा रोवून, सुतळी ताणून वर्तुळं पडली, वर्तुळांत पाकळ्या बसल्या, पाकळ्यांत आणखी पाकळ्या. उजाडलं तेव्हा दारात असं कमळ उमललं होतं की त्याची एकही पाकळी दुसरीहून कमीजास्त नव्हती. वसुमतीनं मान तिरकी करून पाहिलं. दोष काढायला जागा नव्हती, म्हणून ती "बरी आहे" म्हणाली.

गोदूबाई आणि मथुरा एकदमच आल्या. दोघी कमरेवर हात ठेवून उभ्या राहिल्या.

"वसू, ही डाव्या हातानं घातलीस?" गोदूबाईंनी विचारलं.

वसुमतीनं मागे पाहिलं. खिडकीच्या गजांआड साबण लावलेलं तोंड होतं आणि ते केविलवाण्या डोळ्यांनी तिच्याकडे पाहत होतं. खरं सांगावं तर नवऱ्याचं हसं होणार. खोटं सांगावं तर आपलं नाव होणार. त्या घाईत तिला दुसरं सोपं वाटलं.

"हो," ती म्हणाली.

"काय हात म्हणायचा हा!" मथुरा इतक्या मोठ्यानं म्हणाली की गल्लीच्या टोकाला ऐकू जावं. "आमचा उजवासुद्धा असा चालत नाही!"

त्या दिवशी जयतीर्थांनी खिडकीपाशी उभं राहून दोनदा दाढी केली.

पण खरी गंमत पुढे झाली. दूधवाला कल्लाप्पा नेहमीप्रमाणे गाय घेऊन आला आणि नेहमीप्रमाणे धार काढायला ती दारात उभी केली, कमळाच्या बरोबर मधोमध. जयतीर्थ टॉवेलावर धावत बाहेर आले.

"अरे, स्वल्प बाजूला! बाजूला घे तिला!"

"अण्णा, रोज इथंच उभी ऱ्हाते की ही," कल्लाप्पा म्हणाला. गायीनं शेपूट हलवली आणि उरल्या पाकळ्याही मिटवल्या.

जयतीर्थ आत आले ते पडेल चेहऱ्यानं. "पहाटेपासून पाठ मोडून घातली होती! घटकाभरसुद्धा टिकली नाही. तुला काही वाटत नाही का गं?"

पडल्यापासून वसुमती पहिल्यांदाच खळखळून हसली. "गायीचं काही वाटत नाही. ती निदान खाली बघून पाय टाकते. तुम्ही लग्न झाल्यापासून माझ्या रांगोळीवरून बूट घालून बस गाठायला जाताय."

ऑफिसला निघताना मात्र जयतीर्थ कमळाचे जे काही अवशेष होते त्यांना वळसा घालून, भिंतीला अंग घासत, एका पायावर तोल सांभाळत बाहेर पडले. पाय दुखतो का, असं बसमध्ये तिघांनीही विचारलं.

मग हा रोजचाच कार्यक्रम होऊन बसला. पहाटे रांगोळी, आणि संध्याकाळी मनगट. आंबेहळद आणि तुरटीचा लेप जयतीर्थ स्वतः कोमट करून लावत आणि लावताना फुंकर घालत, जणू काही लेपालाच भाजलं आहे. सूज उतरल्यावर डॉक्टरांनी हाताला हलके व्यायाम सांगितले. बोटं मिटायची, उघडायची, मनगट हवेत गोल फिरवायचं, ताटलीतला रवा चिमटीनं दुसऱ्या ताटलीत टाकायचा. जयतीर्थ समोर पाटावर बसून देखरेख करत. "गोल फिरव म्हटलं, हा लंबगोल आहे," असं म्हणत. वसुमती म्हणे, "मनगट माझं आहे, विमानाचं नाही." मुलांना मात्र हे सगळं फार चमत्कारिक वाटे, कारण आईवडील एकमेकांशी इतकं बोलताना त्यांनी पूर्वी पाहिलं नव्हतं.

एकदा लेप लावता लावता जयतीर्थांनी विचारलं, "तू ती ठिपके मांडून त्यांच्याभोवती एकच रेघ फिरवतेस ना, हात न उचलता, ती सुरू केल्या ठिकाणी परत येते कशी? मी कागदावर करून पाहिली. मध्येच अडकतो."

इतक्या वर्षांत हे वसुमतीला कोणी विचारलं नव्हतं. गल्लीतल्या बायका छान म्हणत. कशी, असं कोणी म्हणालं नव्हतं. "काय माहीत," ती म्हणाली, "मी हाताकडे बघतच नाही. पुढच्या चुक्कीकडे, ठिपक्याकडे बघते." आणि तिला इतका आनंद झाला, की तो लपवायला तिनं लेप फार गरम असल्याची तक्रार केली.

इकडे गल्लीत वसुमतीच्या डाव्या हाताचा गवगवा वाढत चालला. रोज सकाळी मथुरा आणि गोदूबाई दारात उभ्या राहून मुक्तकंठानं वाखाणत. पलीकडच्या गल्लीतल्या बायका भाजीच्या निमित्तानं वाट वाकडी करून पाहून जात. सुरुवातीला वसुमतीला मजा वाटली. मग उसना चंद्रहार घालून लग्नाला गेल्यासारखं वाटू लागलं. जो तो हाराकडे बघतो आणि आपण मान आखडून उभं राहायचं. आणि खिडकीतलं ते साबणाचं तोंड दिवसेंदिवस जास्तच खुलत होतं, तेही तिला टोचू लागलं.

संक्रांत जवळ आली तशी पट्टी निघाली. मनगट जरा ताठर होतं, पण आपलं होतं. एका पहाटे जयतीर्थांना न उठवता वसुमती एकटीच अंगणात उतरली. चिमटीत रांगोळी घेतली तेव्हा तिला माहेरी आल्यासारखं झालं. चुक्क्या मांडल्या, रेघ सोडली. वळणावळणावर मनगट कुरकुरलं, रेघ थरथरली, दोनचार ठिकाणी जाड झाली. पण रेघ चालत राहिली आणि सुरू केल्या ठिकाणी परत आली. वसुमती उठून उभी राहिली आणि मथुरेची वाट पाहू लागली.

मथुरा आली. तिनं खाली पाहिलं, मग खिडकीकडे पाहिलं. "अय्यो अक्का, आज डाव्या हाताला काय झालं?"

गोदूबाईंनीही वाकून पाहिलं. "आज रोजच्यासारखी नाही हं उतरली," त्या म्हणाल्या आणि दोघी पदरात तोंड लपवत निघून गेल्या.

वसुमती आत आली, स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात बसली आणि रडली. जांभया देत आलेल्या जयतीर्थांना कळेना की मनगट पुन्हा दुखावलं की काय.

"मनगटाला काही झालेलं नाही," ती म्हणाली. "आज मी घातली. माझ्या हातानं. तर म्हणतात, रोजच्यासारखी नाही."

"अगं, मग सवय गेलीय हाताची. मी उद्या..."

"तुम्ही काही करू नका! तुम्ही माझं नाव एवढं मोठं करून ठेवलंत की त्यात मलाच जागा उरली नाही." हे बोलल्यावर तिला वाटलं की आपण जरा जास्तच बोललो, पण परत घ्यावंसं वाटलं नाही. जयतीर्थ उभ्या उभ्या मफलरशी चाळा करत राहिले. त्यांनाही वाईट वाटलं होतं, आणि ते कुठल्या पट्टीनं मोजावं ते त्यांना कळत नव्हतं.

त्याच दुपारी गोदूबाई आणि मथुरा हळदीकुंकवाची कुयरी घेऊन आल्या. रीतसर कुंकू लावून गोदूबाई म्हणाल्या, "उद्याचा मध्य तुझा हं, वसू."

"तुमचाच, अक्का," मथुरा म्हणाली. "असा महिना गल्लीत कोणीच केला नव्हता."

जो मध्य जाईल म्हणून वसुमती महिनाभर धास्तावली होती, तो घरी चालत आला, आणि आता तिला तो नको होता. जयतीर्थांच्या कमळांवर मिळालेला मध्य! त्यावर सगळ्यांच्या देखत, दिवसाढवळ्या, या कुरकुरत्या मनगटानं बसायचं.

"मी पहाटे जाऊन खडूनं हलकं आखून ठेवतो," जयतीर्थ हळूच म्हणाले. "तुला नुसतं वरून फिरवायचं. कोणाला कळणार नाही."

"आणि रामाच्या पालखीखाली तुमची रांगोळी, माझ्या नावानं?" ती म्हणाली. "नको. मी उद्या खरं सांगणार आहे."

जयतीर्थांचा चेहरा उतरला. त्यांच्या डोळ्यांपुढे कारखान्याची बस उभी राहिली, त्यात ते तिघे. पण ते म्हणाले, "सांग." हा एक शब्द बोलायला त्यांना फार कष्ट पडले, आणि ते वसुमतीला दिसलं.

संक्रांतीला उन्हं कलताना गल्लीचं तोंड धुऊन काढलं होतं. नव्या लुगड्यांच्या बायका रांगोळीचे डबे घेऊन जमल्या होत्या. पुरुष मंडळी पलीकडच्या कट्ट्यावर ऊस सोलत बसली होती, त्यांत जयतीर्थही होते, अगदी कडेला, पळायला सोयीस्कर जागी. यल्लव्वा नव्या बांगड्या घालून भिंतीला टेकून उभी होती.

वसुमती मध्यावर जाऊन उभी राहिली, बसली नाही. "गोदूअक्का, सगळ्यांना सांगायचंय," ती म्हणाली. "महिनाभर मी नव्हते घालत रांगोळी. डाव्या हातानं नाही, उजव्या हातानं नाही. आमचे हे घालत होते. मी तुम्हाला खोटं सांगितलं. तेव्हा मध्य ज्याला द्यायचा त्याला द्या."

आधी मथुरेला हसू फुटलं, आणि तिच्या मागोमाग सगळ्या बायका हसू लागल्या. गोदूबाईंना तर खालीच बसावं लागलं.

"अगं वेडे," त्या डोळे पुसत म्हणाल्या, "पहिल्या दिवसापासून ठाऊक आहे सगळ्यांना! धनुर्मासात पहाटे या गल्लीत झोपलेलं असतं कोण? मी माझ्या दारात पाणी शिंपडत होते. तुझ्या अंगणात माकडटोपी उकिडवी बसलेली. मला वाटलं, चोर खिळा ठोकतोय."

"आणि मी झाडायला येते तवा अंगणात कालच्या खिळ्याचं भोक असतंयच की, अक्का," यल्लव्वानं भिंतीकडून भर घातली.

"मग रोज येऊन वाखाणत का होतात?" वसुमतीनं विचारलं. तिला हसावं की रागवावं ते कळत नव्हतं.

"ते का तुला ऐकू यावं म्हणून?" गोदूबाई म्हणाल्या. "खिडकीत उभे असत त्यांना ऐकू यावं म्हणून. कौतुक थांबलं असतं तर ते दुसऱ्या दिवशी उठले असते का? आणि आमच्या घरांतलेही ऐकतात, म्हटलं. एखाद्याला तरी लाज वाटेल."

"वाटली का?"

"छे!"

यावर पुन्हा हशा झाला. कट्ट्यावरच्या पुरुषांनी उसाच्या पेरांत तोंडं खुपसली. बसमधल्या त्या तिघांनाही सगळं ठाऊक होतं. पण त्यांनी महिनाभर ब्र काढला नव्हता, कारण विषय निघाला असता तर घरी दुसऱ्या दिवसापासून त्यांच्याही हातात डबा आला असता. जयतीर्थ कानाच्या पाळ्यांपर्यंत लाल झाले, पण उठून गेले नाहीत.

"पण काल मी घातली होती," वसुमती म्हणाली. हे विचारल्याशिवाय तिला राहवेना. "माझ्या हातानं. तेव्हा म्हणालात, रोजच्यासारखी नाही."

मथुरेचं हसू थांबलं. तिनं जीभ चावली. "ती तुमची होती? अय्यो, अक्का! मला वाटलं, हे आज सुतळीशिवाय घालायला गेले! त्यांना चिडवायला म्हणून मी..." ती जवळ आली आणि तिनं वसुमतीचं उजवं मनगट आपल्या दोन्ही हातांत घेतलं. "अजून दुखतं का?"

"वळताना दुखतं."

"असा महिना कोणी केला नाही म्हटलं, ते खोटं का? नवऱ्याला महिनाभर पहाटे दारात बसवणारी दुसरी आहे कोण इथे? आणि मध्य तुमच्या हातासाठी आहे. कमळं बघून बघून कंटाळलो आम्ही. बसा."

वसुमती बसली. तिनं चुक्क्या मांडल्या, दरवर्षीपेक्षा चार कमी मांडल्या, आणि रेघ सोडली. रेघ निघाली, वळली, पुढच्या चुक्कीला वळसा घालून पुन्हा वळली. पहिली काही वळणं सुखानं पार पडली. मग मनगटातून एक कळ कोपरापर्यंत गेली, चिमूट सैल झाली आणि रेघ डुलली. तिनं दात आवळले, पुढे नेली. पुन्हा डुलली. निम्म्यावर आल्यावर तिला कळून चुकलं की हा हात आज शेवटपर्यंत जाणार नाही. पालखीचे ताशे राममंदिराच्या बाजूनं ऐकू येऊ लागले होते.

मथुरा मुद्दाम दुसरीकडे पाहत होती. मागितल्याशिवाय पुढे व्हायचं नाही असं तिनं ठरवलेलं दिसत होतं.

"मथुरा," वसुमती म्हणाली. ती हाक तिच्या तोंडून निघायला पुष्कळ वेळ लागला. "समोरून बस. त्या बाजूनं तू घे. मी इथून घेते. मध्ये भेटू."

मथुरेनं पदर खोचला आणि समोर बसली. दोघींच्या रेघा दोन्हीकडून येत राहिल्या. ताशे गल्लीच्या वळणावर आले तेव्हा दोन्ही रेघा एकाच ठिपक्यापाशी पोहोचल्या आणि एकमेकींत मिसळल्या. वसुमतीनं मनगट पोटाशी धरलं. दुखत होतं आणि ती हसत होती.

पालखी यायच्या आत पुरुष मंडळी पाहायला पुढे सरकली. जयतीर्थ सगळ्यांत पुढे. महिनाभराच्या अनुभवानं आता आपल्याला यातलं कळतं, अशा थाटात ते हात मागे बांधून, कमरेत वाकून, कारखान्यातलं ड्रॉइंग तपासावं तसे गोल फिरले. फिरता फिरता एका जागी थांबले.

"ही पलीकडची बाजू अगदी एकसारखी आली आहे," ते म्हणाले. "इथे मात्र रेघ स्वल्प हलली..." आणि म्हणता म्हणता काय ते लक्षात येऊन एकदम थांबले.

वसुमतीनं मान वर केली, आणि साऱ्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "हलली ना? ती माझी."